शब्दचर्चा : ‘शूद्रादि अतिशूद्र’ यातल्या ‘आदि’चं काय करायचं?

तळटीप
महात्मा फुल्यांनी मराठी ग्रंथकार सभेला पाठवलेलं पत्र हिंदीत करतो आहे. १८८५च्या सभेचं निमंत्रण न्या. रानड्यांकडून आलं, त्याला नकार कळवणारं हे पत्र. ‘ज्ञानोदया’च्या ११ जून १८८५च्या अंकात छापलं गेलं. पत्र लहान आहे, पण एका शब्दावर अडलो आहे. फुले लिहितात, ‘आम्हा शूद्रादि अतिशूद्रांस काय काय विपत्ती व त्रास सोसावे लागतात’, हे उंटावरून शेळ्या वळणाऱ्या ग्रंथकारांना कुठून कळणार?

‘शूद्रादि अतिशूद्र’ हिंदीत जसंच्या तसं ठेवलं तर दोन घोटाळे होतात. हिंदी वाचक ‘आदि’ म्हटलं की सरळ ‘वगैरे’ समजतो. मग वाक्य ‘शूद्र वगैरे, अतिशूद्र’ असं तुटतं. दुसरा घोटाळा त्याहून अवघड आहे. उत्तरेत स्वामी अछूतानंदांची आदि-हिंदू चळवळ झाली, पंजाबात मंगूरामांचा आदि-धर्म, दक्षिणेत आदि-द्रविड, आदि-आंध्र. त्या परंपरेतला वाचक ‘आदि-अतिशूद्र’ असं जोडून ‘मूळचे अतिशूद्र’ असा अर्थ काढतो. मजकूर तपासणाऱ्यांचं म्हणणं, सरळ ‘शूद्र और अतिशूद्र’ करा. पण फुल्यांना ‘व’ हवा असता तर तो त्यांनी लिहिला असता. त्याच वाक्यात ‘विपत्ती व त्रास’ आहेच की.

जाता जाता : त्याच पत्रातले ‘घालमोडे दादा’ कुणी नीट उलगडून सांगेल का?

बारव
‘और’च बरोबर आहे. इंग्रजीत लिहिणारे अभ्यासकही दोन्ही शब्दांच्या मध्ये ‘अँड’ घालतात, आणि त्याने अर्थाचं काही बिघडलेलं नाही. दोन समूह आहेत. शूद्र म्हणजे कुणबी, माळी, धनगर आणि गावगाड्यातले कारागीर. अतिशूद्र म्हणजे महार, मांग आणि ज्यांचा विटाळ मानला जाई ते. फुले या दोघांची एकत्र बाजू मांडतात. ‘आदि’ला इतकं वजन देण्याचं कारण दिसत नाही.

खरडवही
व्याकरणाने पाहू या. संस्कृतात ‘इंद्रादि’ हा बहुव्रीहि समास आहे : इंद्र ज्यांच्या आरंभी आहे ते. त्या न्यायाने ‘शूद्रादि’ म्हणजे शूद्र ज्यांच्या आरंभी आहेत ते सगळे. हा समास स्वतःपुरता पूर्ण आहे, त्याच्यापुढे ‘अतिशूद्र’ लागण्याची गरज नाही. आणि लावायचेच असेल तर संधी होऊन ‘शूद्राद्यतिशूद्र’ व्हायला हवे. केवळ दोघांचा द्वंद्व हवा असेल तर ‘शूद्रातिशूद्र’. आज बरेच लेखक हेच रूप वापरतात आणि ते निर्दोष आहे. फुल्यांचे रूप संस्कृतच्या दृष्टीने सैल आहे हे मान्य करून ‘शूद्रातिशूद्र’ असे भाषांतर करावे. हिंदीतही ते चालते.

कंदील
खरडवही, ‘सैल’ म्हणायच्या आधी जुन्या मराठीत ‘आदि’ कसा वागतो ते पाहायला हवं. ‘वगैरे’ हा त्याचा एकच अर्थ नाही. ‘आदिकरून’ हा जुन्या मराठी गद्यात सर्रास येणारा प्रयोग आहे. ‘राजा आदिकरून सर्व लोक’ म्हणजे राजापासून सुरुवात करून झाडून सगळे. तुकोबांचा अभंग आठवा : ‘बाळें नारीनर आदि करोनि वेश्याही’. इथे ‘आदि करोनि’ने यादी अर्धवट सोडलेली नाही. उलट यादीचं टोक गाठलं आहे. सगळ्यांना अधिकार आहे, अगदी वेश्येलासुद्धा, असं तिथे सांगायचं आहे. ज्ञानेश्वरीच्या अठराव्या अध्यायात वेद कृपण का ठरला ते सांगताना ‘स्त्रीशूद्रादिकां’ येतं, तेही वेदाच्या दारातून परतवलेल्या सगळ्यांना एका मोटेत बांधणारं.

‘शूद्रादि अतिशूद्र’ मी असाच वाचतो : शूद्रांपासून धरून पार अतिशूद्रांपर्यंत. एक रांग आहे, तिची दोन टोकं सांगितली आहेत. ‘व’ घातला की दोन वेगळी गाठोडी होतात, आणि फुल्यांचा सगळा खटाटोप ती वेगळी राहू नयेत यासाठी होता. कुणब्याने महाराला खालचा मानणं हीच व्यवस्थेची मेख आहे, हे ते ‘गुलामगिरी’पासून सांगत आले. त्यामुळे हिंदीत ‘शूद्रों से लेकर अतिशूद्रों तक’ करावं.

निंबोणी
कंदील यांचं म्हणणं मनाला भिडतं, पण फुल्यांची सगळी वाक्यं त्यात बसतात का? ‘सार्वजनिक सत्यधर्म’ पुस्तकातलं ‘एकमय लोक’वालं प्रसिद्ध वाक्य घ्या. तिथे ‘शूद्रादि अतिशूद्रांसह भिल्ल, कोळी वगैरे सर्व लोक’ विद्वान होऊन एकमय झाल्याखेरीज ‘नेशन’ होणार नाही, असं म्हटलं आहे.

त्यात दोन गोष्टी दिसतात. ‘वगैरे’साठी फुले ‘वगैरे’च वापरतात, म्हणजे ‘आदि’ त्या कामाला लावलेला नाही. हे तुमच्या बाजूचं. पण भिल्ल आणि कोळी बाहेर ठेवून वेगळे मोजले आहेत. ‘शूद्रादि अतिशूद्र’ ही झाडून सगळ्यांची रांग असती तर त्यांना ‘सह’ लावून वेगळं आणायची गरज पडली नसती. म्हणजे हा शब्द गावाच्या आतल्या आणि गावाच्या वेशीवरच्या लोकांसाठी आहे, डोंगरातल्यांसाठी नाही. तो ठरलेला जोडशब्द आहे. बारव म्हणतात तेवढा साधा नाही आणि कंदील म्हणतात तेवढा ऐसपैसही नाही.

बारव
‘सह’ने वेगळेपणा सिद्ध होत नाही. ‘मुलाबाळांसह घरचे सगळे’ म्हणतो तेव्हा मुलं घराबाहेरची नसतात.

निंबोणी
बरोबर, पण तिथे ‘मुलाबाळांसह’ पुढच्या मोठ्या समूहात मोडतात. तसं धरलं तर ‘भिल्ल, कोळी वगैरे सर्व लोक’ हा मोठा समूह आणि शूद्रादि अतिशूद्र त्याचा भाग, असं होईल. बळीस्थानातले, म्हणजे फुल्यांच्या शब्दात या देशातले, ‘सर्व लोक’ असा अर्थ घेतला तर तेही जमतं. दोन्ही वाचनं टिकतात, एवढं मान्य.

मोडीदप्तर
समासाच्या नादात ‘अति’ सुटतो आहे, आणि भाषांतरात जास्त नुकसान तिथेच होतं. हिंदीत ‘अति’ म्हणजे फार, जास्त. अजाण अनुवादक ‘घोर शूद्र’, ‘महाशूद्र’ असं काहीतरी करून ठेवतो. इथला ‘अति’ ‘अतींद्रिय’मधला आहे, पलीकडचा. इंद्रियांच्या पलीकडचं ते अतींद्रिय, तसे शूद्रांच्याही पलीकडे टाकलेले ते अतिशूद्र.

मनुस्मृतीच्या दहाव्या अध्यायाच्या चौथ्या श्लोकात चौथा वर्ण शूद्र सांगून ‘नास्ति तु पञ्चमः’ म्हटलं आहे, म्हणजे पाचवा वर्णच नाही. मग चांडाल, अंत्यज कुठे बसवायचे? शास्त्राने त्यांना मोजलंच नाही. दक्षिणेत ‘पंचम’ म्हणून पाचवा आकडा दिला गेला. महाराष्ट्रात ‘अतिशूद्र’ चालला, आणि या दोन शब्दांत राजकारणाचा मोठा फरक आहे. ‘पंचम’ने वेगळी पाचवी पेटी तयार होते, तर ‘अतिशूद्र’मध्ये ‘शूद्र’ हा शब्द आतच राहतो, नातं तुटत नाही. ‘अंत्यज’ हा हाताशी असलेला संस्कृत शब्द फुल्यांनी आपल्या या जोडीत घेतला नाही, त्याची मला ही संगती लागते.

खरडवही
‘अतिशहाणा’, ‘अतिरेक’, ‘अति तिथे माती’. मराठी बोलणाऱ्याच्या कानाला ‘अति’ म्हणजे जास्तच. ‘अतींद्रिय’ हा पोथीतला शब्द. फुले लोकभाषेत लिहीत होते हे तुम्हीच सगळे सांगता, मग इथेच पोथीतला अर्थ का घ्यायचा?

मोडीदप्तर
कारण शब्दाचा वापर. ‘जास्त शूद्र’ हा अर्थ घेतला तर दोघांत फक्त मात्रेचा फरक उरतो. प्रत्यक्षात फरक मात्रेचा नव्हता. शूद्राच्या हातचं पाणी अनेक ठिकाणी चाले, अतिशूद्राची सावली चालत नसे. ही रेषा ओलांडलेले लोक आहेत, म्हणून पलीकडचा ‘अति’.

कंदील
‘सैल’ या शब्दाकडे परत येतो, कारण अशाच शेऱ्यांनी फुल्यांच्या गद्याचं फार नुकसान केलं आहे. अशुद्ध, रांगडं, व्याकरणदुष्ट अशी लेबलं लागली की लोक वाक्य नीट वाचायचंच सोडतात. ‘शूद्रातिशूद्र’ संस्कृतात चोख असेल. पण सभेत मोठ्याने वाचून पाहा. ‘शूद्रातिशूद्र’ कानावर एका दमात जातो, त्यातला ‘अति’ मागच्या दीर्घ ‘आ’त बुडतो, आणि ऐकणाऱ्याला दोन समूह वेगळे कळतच नाहीत. ‘शूद्रादि अतिशूद्र’मध्ये दोन्ही नावं स्वच्छ ऐकू येतात. ‘शेतकऱ्याचा असूड’ या पुस्तकाचे भाग फुल्यांनी गावोगावी वाचून दाखवले होते. कानासाठी लिहिणाऱ्याने संधी मोडली, ती मुद्दाम मोडली असं मी धरतो.

खरडवही
मी कुणाला अशुद्ध म्हटलेले नाही. माझा आक्षेप उलट बाजूने आहे. प्रत्येक सैलपणाला हेतू चिकटवायचा आणि मग त्या हेतूवरून अर्थ काढायचा, ही पद्धत धोक्याची आहे. एकोणिसाव्या शतकातल्या मुद्रित मराठीत ‘आदि’, ‘आदिक’, ‘इत्यादिक’ यांचा वापर सर्वच लेखकांकडे ढिला आहे. फुल्यांनी काढलेल्या संस्थेचेच नाव पाहा. महार, मांग इत्यादिकांना विद्या शिकवण्यासाठीची मंडळी. इंग्रजीत त्याचे अक्षरशः ‘महार्स, मांग्ज अँड एटसेट्राज’ झाले. तिथे कुणी रांगेचे टोक शोधत नाही, ‘इतर तशा जाती’ एवढाच अर्थ आहे. तोच ढिला ‘आदि’ इथे आला असणे अधिक संभवते.

निंबोणी
खरडवहींचा हा दाखला वजनदार आहे. आणि ‘इत्यादिक’ तिथे फार कामाचा होता. शाळेचं दार फक्त दोन जातींपुरतं नाही, चांभार आला तरी उघडं आहे, हे त्या एका शब्दाने सांगितलं.

मोडीदप्तर
त्याच शाळांमधली मुक्ता साळवे. मांग जातीची, चौदा वर्षांची मुलगी. १८५५ साली तिचा निबंध ‘ज्ञानोदया’त आला, ‘मांगमहारांच्या दुःखाविषयी’. शीर्षकात अतिशूद्र नाही, अंत्यज नाही, दोन जातींची सरळ नावं आहेत. ‘लाडूखाऊ ब्राह्मण’ हा शब्दही तिचाच. ज्याला सोसावं लागतं तो जातीचं नाव घेऊन बोलतो, चळवळ बांधणारा वर्गाचा शब्द शोधतो. अनुवादकाने या दोन पातळ्या एकमेकींत मिसळू नयेत. मुक्ताच्या निबंधाच्या हिंदी रूपात कुणी ‘दलितों के दुःख’ केलं तर ते चूकच. ‘हरिजन’ तर त्याहून चूक. त्या शब्दावर १९३८ साली मुंबईच्या विधानसभेत डॉ. आंबेडकर आणि त्यांच्या पक्षाच्या आमदारांनी सभात्याग केला होता.

कंदील
अगदी सहमत. ‘दलित’ फुल्यांच्या मजकुरात मागाहून घुसवण्याची सवय अनुवादांत फार आहे. वाचकाला सोपं जावं म्हणून करतात, पण त्यात ‘शूद्र’ गळून पडतो. आजच्या वापरात कुणबी-माळी ‘दलित’मध्ये येत नाहीत. म्हणजे फुल्यांनी जोडलेली जोडी अनुवादकाने तोडली.

पानगळ
व्युत्पत्तीबद्दल थोडं. ‘शूद्र’ हा ‘क्षुद्र’वरून, ‘राक्षस’ हा ‘रक्षक’वरून, ‘महार’ म्हणजे ‘महाअरि’, ‘म्हसोबा’ म्हणजे ‘महासुभा’. हे सगळं फुल्यांनी ‘गुलामगिरी’त मांडलं आहे. शब्दचर्चेत हे पुरावे म्हणून घ्यायचे की नाही? ध्वनिनियमांच्या कसोटीला यातली बरीच टिकणार नाहीत.

खरडवही
टिकणार नाहीत, हे स्पष्ट सांगायला हवे. ‘महार’बद्दल ‘मृत’ अधिक ‘आहार’ अशीही व्युत्पत्ती पुस्तकांत फिरते. तीही टिकत नाही, कारण ‘मृत’चे मराठीत मढे होते, नुसता ‘म’ उरत नाही. जॉन विल्सननी ‘महाराष्ट्र’च महारांवरून काढला, तोही मान्य झालेला नाही.

मोडीदप्तर
ध्वनिनियमांनी बाद, हे मान्य. पण मग शास्त्रकारांच्या व्युत्पत्त्याही त्याच तागडीत घाला. ब्रह्मसूत्रांच्या पहिल्या अध्यायात जानश्रुती राजाला उपनिषदात ‘शूद्र’ म्हटलं आहे त्याची अडचण आली. शूद्राला विद्या देता येत नाही, मग याला कशी दिली? तेव्हा ‘शुच्’ म्हणजे शोक आणि ‘द्रु’ म्हणजे धावणं असा विग्रह केला, शोकाने धावला म्हणून शूद्र, जातीने नव्हे. याला भाष्य म्हणून मान मिळतो. फुले ‘महाअरि’ म्हणतात तेव्हा ते हेच हत्यार उलटं धरतात : ज्याला तुम्ही नीच ठरवलंत तो तुमचा मोठा शत्रू होता, हरला म्हणून नीच झाला. व्युत्पत्तीचा कोश लिहिताना हे घेऊ नका. पण फुले वाचताना हे सोडलं तर युक्तिवादच दिसणार नाही. अनुवादात ‘महार’, ‘महाअरि’ हे दोन्ही शब्द मूळ रूपात ठेवून एका ओळीची टीप द्यावी. अर्थाचं भाषांतर केलं की ध्वनींचं साम्य जातं आणि वाक्य निराधार दिसतं.

पानगळ
डॉ. आंबेडकरांनी ‘शूद्र पूर्वी कोण होते?’ हा १९४६चा ग्रंथ फुल्यांना अर्पण केला. फुले शूद्रांना आर्यांनी जिंकलेले मूळचे लोक मानतात, आंबेडकर त्यांना मूळचे क्षत्रिय ठरवतात. आणि अस्पृश्यांसाठी १९४८ साली वेगळा ग्रंथ. म्हणजे फुल्यांनी ‘आदि’ने जोडलेले दोघे इतिहासाच्या अंगाने त्यांनी वेगवेगळे तपासले.

तळटीप
सगळ्यांचे आभार. आता निर्णयाचं बोलू. कंदील यांचं ‘से लेकर … तक’ अर्थाला छान आहे, पण ‘असूड’सारख्या पुस्तकात हा शब्द पानोपानी येतो. दर वेळी चार शब्दांची शेपटी लावली तर वाक्यं कोलमडतील. शिवाय कर्ता, कर्म, संबंध अशा विभक्त्या लागल्या की फारच अवघड : ‘शूद्रों से लेकर अतिशूद्रों तक के बच्चों को’.

निंबोणी
मग असं करा. पहिल्यांदा येईल तिथे ‘शूद्रादि-अतिशूद्र’ असं संयोगचिन्ह देऊन मूळ रूप ठेवा. चिन्ह ‘आदि’च्या नंतर, आधी नाही, ‘शूद्र आदि-अतिशूद्र’ झालं की आदि-हिंदूचा घोटाळा आलाच. तिथेच टीप द्या, त्यात ‘आदि’ म्हणजे ‘मूळचे’ नव्हे आणि ‘अति’ म्हणजे ‘जास्त’ नव्हे, या दोन गोष्टी आल्या पाहिजेत. पुढे सगळीकडे तेच रूप. आणि फुले जिथे नुसतं ‘शूद्र शेतकरी’ किंवा ‘वित्ताविना शूद्र खचले’ म्हणतात तिथे आपल्या मनाने ‘अतिशूद्र’ जोडू नका. जोडी कुठे घ्यायची आणि कुठे नाही हे त्यांनी ठरवलेलं आहे.

खरडवही
मुद्रितशोधकाला आणखी एक सूचना द्यावी लागेल. १९६२च्या नियमांनी तत्सम शब्दाचा अंत्य इकार मराठीत दीर्घ होतो, म्हणून सुटा शब्द ‘आदी’. पण समासात पूर्वपदी तो ह्रस्वच राहतो. मराठी आवृत्त्यांत कुणी ‘शूद्रादी अतिशूद्र’ असे दीर्घ आणि तोडून छापले की त्याने नकळत ‘शूद्र वगैरे’ हाच अर्थ पक्का केला. समास मानता तर ‘दि’ ह्रस्व ठेवा. जुने अनुस्वार काढा हवे तर, ‘केलें’चे ‘केले’ करा, पण हा इकार बदलू नका.

बारव
ह्रस्व-दीर्घावरून अर्थ ठरवायचा तर मूळ छापील प्रतींत इकार कसे पडले ते बघावं लागेल, आणि तेव्हाचे खिळे जुळवणारे आजचे नियम पाळत नव्हते. ‘निर्मिक’ (निर्मात्यासाठी फुल्यांचा शब्द) आणि ‘निर्मीक’, ‘जोतीराव’ आणि ‘ज्योतिराव’ सगळंच चालतं. ‘गुलामगिरी’तल्या संवादात पात्राचं नाव स्वच्छ ‘जोतीराव’ आहे, तरी आज लोक ‘ज्योतिबा’ करतात. माझं मत अजून ‘और’च.

कंदील
‘जोतीराव’ हे त्यांनी स्वतः वापरलेलं नाव, ते बदलण्याचा हक्क कुणालाच नाही. ‘ज्योति’ करून संस्कृताळणं हे त्याच शुद्धीकरणातलं आहे.

पानगळ
तेच ‘असूड’चं. पुस्तकाचं नाव ‘शेतकऱ्याचा असूड’, बोलण्यात आणि बऱ्याच सूचींत ‘आसूड’. ग्रंथालयात शोधताना दोन्ही घालून पाहावं लागतं, नाहीतर अर्ध्या नोंदी हाती लागत नाहीत.

मोडीदप्तर
आणि त्याचं हिंदीत ‘चाबुक’ करू नका. घोड्याचा तो चाबूक. बैलाला टोचायची ती पराणी, तिच्या टोकाला लोखंडी आर असते. असूड म्हणजे काठीला वळलेल्या चामड्याची लांब वादी. इंग्रजीत ‘व्हिपकॉर्ड’ केलं आहे, त्यात वादी आली पण काठी गेली. हिंदीत ‘कोड़ा’ जवळचा आहे.

निंबोणी
‘कोड़ा’ म्हटलं की हिंदीत शिक्षा डोळ्यांपुढे येते, जेलर, जमीनदार. शेतकऱ्याच्या हातातलं रोजचं अवजार येत नाही. जो वर्षानुवर्षं मार खात आला त्याच्याच हातात ते आहे, हा शीर्षकाचा जोर आहे. बुंदेली, माळवी बोलींत औताच्या बैलांसाठी काय शब्द आहे ते तिकडच्या शेतकऱ्यांना विचारून मग ठरवा.